कुंडीत पहिला पेरू लावताय? एवढं सांभाळा

पेरूची निवड उत्तम केलीत. छाटणी सोसणारं हे झाड गच्चीवर छान जमतं. बियांपासून रोप करू नका. फळ उशिरा धरतं आणि मूळ झाडासारखं निघेलच असं नाही. खात्रीच्या रोपवाटिकेतून सरदार, म्हणजे एल-४९ चं कलम आणा. १९२७ साली पुण्यात गणेशखिंडला निवडलेला हा वाण आपल्या हवेत रुळलेला आहे.

कुंडी निदान दीड फुटाची हवी, तळाला भोकं हवीत आणि ऊन भरपूर. बाकी खतांची चर्चा सध्या राहू द्या.

नवखे हमखास चुकतात ते इथे:

- पहिल्याच वर्षी आलेली फळं मोहाने ठेवतात. खुडून टाका, आधी खोड-फांद्या भरू द्या.
- छाटायला हात धजत नाही. पेरूला फुलं नव्या फुटीवरच येतात. शेंडा खुडलात की खालून दोन-तीन फुटी निघतात आणि त्यांच्या पानांच्या बगलेत कळ्या दिसू लागतात. म्हणून बिनधास्त कापा.
- रोज सवयीने पाणी घालतात. बोट दोन पेरं मातीत घाला. ओल लागली तर पाणी नको.

पानं उलटी करून बघायची सवय मात्र आतापासूनच लावा. शिरांजवळ कापसासारखं पांढरं दिसलं किंवा खोडावर मुंग्यांची ये-जा वाढली, तर पिठ्या ढेकूण आलाय समजा. सुरुवातीला पाण्याच्या जोरदार फवाऱ्याने धुऊन काढा, मग संध्याकाळी निंबोळी तेल फवारा.

पावसाळी फळांत फळमाशीच्या अळ्या होतात. फळ लिंबाएवढं झालं की कागदी पिशवी बांधा.