डबिंगकडे वळतोयस? मग हे आधी

सिनेमात कामं केलीस म्हणजे अभिनय येतो, हे मान्य. श्रेयस तळपदेनं नाही का, नायक म्हणून नाव झाल्यावर २०२१ साली ‘पुष्पा’च्या हिंदी आवृत्तीत अल्लू अर्जुनला आवाज दिला! पण माइकपुढे चेहरा कामाला येत नाही बाबा.

तुला खरी आडवी येईल ती सांगलीच्या भावे नाट्यमंदिरातली सवय. शेवटच्या रांगेपर्यंत आवाज फेकायचा नाही. माइक वीतभर अंतरावर असतो, कुजबुजसुद्धा पुरते. दुसरं म्हणजे ओठ. पडद्यावर ओठ मिटले की तिथं प, ब, म यांतलं काहीतरी यायला हवं. वाक्य बसत नसेल तर भरभर कोंबू नकोस, डबिंग दिग्दर्शकाला शब्द बदलून सुचव. श्वास, धाप, हुंदका हेही तुझंच काम. नवखे नेमकं तेच गाळतात.

- सळसळणारे कपडे, हातातलं कडं नको.
- नमुन्याच्या रेकॉर्डिंगमध्ये नामवंतांच्या नकला नकोत.
- काम देतो म्हणून कुणी आधी पैसे मागितले तर सरळ उठून ये.

आपल्याकडचा हेल पुसायच्या मागे लागू नकोस, गावाकडची पात्रं येतातच. प्रमाण मराठी आणि हिंदी मात्र रोज मोठ्यानं वाच. घरचा स्टुडिओ वगैरे नंतर बघू.