लेखनिकाची डुलकी

प्रश्न : कादंबरीसाठी मी एक काल्पनिक पंथ रचलाय. त्यांचा पवित्र ग्रंथ सोन्याने मढवलेला, ३०० वचनांचा. सगळी वचनं लिहून झाली, पण वाचणारे म्हणतात, ग्रंथ खरा वाटत नाही. काय चुकतंय?

उत्तर : सोबत पाठवलेली वचनं वाचली. एकही चूक नाही, हीच चूक! मी बरीच वर्षं मुद्रितशोधन केलं. लागोपाठच्या दोन ओळी एकाच शब्दाने संपल्या की डोळा दुसरी ओळ गिळतो. हाताने नकला करणाऱ्या लेखनिकांचंही तेच व्हायचं. कुणी समासात शेरा मारायचा, पुढचा तो मूळ मजकूर समजून आत घ्यायचा. तुमच्या पंथात फूट पाडायला राक्षस कशाला हवा? गिळलेली एक ओळ पुरे.

सोनं राहू द्या, पण आतली पानं कशाची? चर्मपत्र महाग, म्हणून जुनं खरवडून पुन्हा वापरत. आर्किमिडीजच्या लेखनाची दहाव्या शतकातली नक्कल अशीच पुसून १२२९ मध्ये तिच्यावर प्रार्थना लिहिल्या गेल्या. खालची बरीचशी अक्षरं अभ्यासकांनी अलीकडे वाचून काढली. तुमच्या प्रार्थनांखाली काय पुसलंय, ते आधी ठरवा.

रोज उघडलं जाणारं पान कोपऱ्यात अंगठ्याने काळवंडतं, त्यावर मेणाचे थेंब असतात. शापाचं पान मात्र कोरं करकरीत.

आणि हो, ३०० वचनं छापू नका. सात-आठ बास, तीही पात्रांच्या तोंडी, अर्धवट आठवलेली.