अमेरिकेत दावा लावताय? आधी कोर्ट कुठलं ते बघा

‘फेडरल म्हणजे वरचं कोर्ट’ ही समजूत आधी सोडा. आपल्याकडे एकच उतरंड. तिथे राज्यांची आणि फेडरल म्हणजे केंद्राची, अशा दोन यंत्रणा शेजारी-शेजारी चालतात. घटस्फोट, मुलांचा ताबा, घरमालकाने अडवलेलं डिपॉझिट हे राज्याच्या कोर्टात. दिवाळखोरी, पेटंट, कॉपीराइट फक्त फेडरलमध्ये. (इमिग्रेशन कोर्ट न्याय खात्याच्या हाताखाली, ते तिसरंच प्रकरण.)

खरा घोळ पैशांच्या दाव्यात. पक्ष वेगवेगळ्या राज्यांचे आणि रक्कम ७५,००० डॉलरच्या वर, तर राज्याच्या कायद्यावरचा दावाही फेडरलमध्ये चालतो. एच-१बीवर असाल तर अमेरिकन प्रतिवादीविरुद्ध, परदेशी नागरिक म्हणून, ही वाट तुम्हालाही मोकळी. ग्रीन कार्ड घेऊन त्याच्याच राज्यात स्थायिक झालात की बंद! समोर कंपनी असेल तर नोंदणीचं आणि मुख्य कार्यालयाचं, दोन्ही राज्यं तिची धरतात. नवखे नेमके इथे फसतात.

आणि असा दावा तुम्ही राज्याच्या कोर्टात लावलात, तरी नोटीस बजावल्यापासून ३० दिवसांत प्रतिवादी तो फेडरलमध्ये नेऊ शकतो. तो त्याच राज्याचा असेल तर सहसा नाही. वकिलाला पहिल्याच भेटीत हे विचारून घ्या, फी ठरवण्याआधी.