हप्ता परवडतो, पण घर कितीला पडते?

वाचकांच्या पत्रांपैकी गृहकर्जाविषयीची चार पत्रे या वेळी निवडली आहेत. उत्तरांतील आकडेमोड करताना, जेथे वेगळे सांगितलेले नाही तेथे, व्याजदर पूर्ण मुदतीत तोच राहील असे धरले आहे. प्रत्यक्षात तो तसा राहत नाही, हे दुसऱ्या पत्रावरून दिसेलच.

प्रश्न : आम्ही पती-पत्नी दोघेही नोकरी करतो. चिंचवड येथे ६५ लाख रुपयांची सदनिका घेण्याचे ठरवले असून बांधकाम सुरू आहे आणि ताबा दोन वर्षांनी मिळणार आहे. बँकेने साडेआठ टक्के फ्लोटिंग, म्हणजे वेळोवेळी बदलणाऱ्या, दराने ५० लाखांचे कर्ज मंजूर केले आहे. मुदत २० वर्षांची घेतल्यास हप्ता ४३,३९१ रुपये आणि ३० वर्षांची घेतल्यास ३८,४४६ रुपये बसतो. बिल्डरच्या कार्यालयात कर्जाचे काम पाहणारे गृहस्थ ३० वर्षांचीच मुदत घ्या, दरमहा बचत होईल, असा आग्रह धरतात. हे घर आम्हाला शेवटी कितीला पडेल?
— एक वाचक दांपत्य, चिंचवड

उत्तर : आपण विचारलेला प्रश्न फार थोडे लोक विचारतात. बहुतेकांची चौकशी हप्ता किती बसेल येथेच संपते आणि कर्ज विकणाऱ्यांनाही तेच सोयीचे असते, कारण मुदत लांबवली की कोणताही हप्ता परवडण्याजोगा दिसू लागतो.

प्रथम दोन्ही पर्यायांची पूर्ण बेरीज पाहू. २० वर्षांत आपण एकूण १ कोटी ४ लाख १४ हजार रुपये भराल, म्हणजे ५० लाखांच्या मुद्दलावर ५४ लाखांहून अधिक व्याज जाईल. ३० वर्षांत हीच बेरीज १ कोटी ३८ लाख ४० हजारांवर पोहोचते आणि व्याज ८८ लाखांच्या पुढे जाते. त्या गृहस्थांनी सांगितलेली बचत खरी आहे. दरमहा ४,९४५ रुपये आपल्या हाती राहतील आणि २० वर्षांत त्यांची बेरीज ११ लाख ८७ हजार होईल. मात्र त्या बदल्यात पुढची १० वर्षे दरमहा ३८,४४६ रुपये, म्हणजे एकूण ४६ लाखांहून अधिक रक्कम, भरत राहावी लागेल. आपण आज तिशीत असाल, तर ती १० वर्षे मुलांच्या उच्च शिक्षणाची आणि निवृत्तीच्या तोंडावरची असतील, हेही ध्यानात घ्यावे.

एवढे व्याज का जाते, हे पहिल्या हप्त्याकडे पाहिल्यावर कळते. २० वर्षांच्या कर्जात पहिल्या महिन्याच्या ४३,३९१ रुपयांपैकी ३५,४१७ रुपये व्याजाचे असतात आणि मुद्दलात फक्त ७,९७४ रुपये जमा होतात. व्याज दरमहा शिल्लक मुद्दलावर लागत असल्याने हे प्रमाण हळूहळू बदलते खरे, परंतु ते इतके सावकाश बदलते की पाच वर्षांत २६ लाख रुपये भरूनही मुद्दल केवळ ५ लाख ९४ हजारांनी कमी झालेले असते. निम्मे मुद्दल फिटायला जवळजवळ १४ वर्षे लागतात. ३० वर्षांची मुदत घेतल्यास पहिल्या पाच वर्षांत मुद्दलातून जेमतेम सव्वादोन लाख रुपये वजा होतात. ‘सात-आठ वर्षांत हे घर विकून मोठे घेऊ’ असा ज्यांचा मानस असतो, त्यांनी तर हे आकडे आधी पाहावेत, कारण विक्रीच्या दिवशी बँकेचे येणे त्यांच्या अंदाजापेक्षा बरेच जास्त निघते.

आता कर्जाबाहेरचा खर्च. ३० लाखांहून अधिक आणि ७५ लाखांपर्यंतच्या गृहकर्जात मालमत्तेच्या किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच कर्ज देता येते आणि मुद्रांक व नोंदणी शुल्क त्या किमतीत सामान्यतः धरले जात नाही. त्यामुळे हा खर्च खिशातून करावा लागतो. पिंपरी-चिंचवडमध्ये सर्व अधिभार धरून मुद्रांक शुल्क सात टक्के आहे, म्हणजे ६५ लाखांवर ४ लाख ५५ हजार रुपये. त्यावर ३० हजार रुपये नोंदणी शुल्क. खरेदीखत केवळ पत्नीच्या नावे केल्यास मुद्रांक शुल्कात एक टक्क्याची, म्हणजे ६५ हजार रुपयांची, सवलत मिळते. संयुक्त नावावर ती मिळत नाही. बांधकाम अपूर्ण असल्याने पाच टक्के जीएसटी, म्हणजे ३ लाख २५ हजार रुपये, वेगळे. पूर्णत्वाचा दाखला मिळालेल्या सदनिकेच्या विक्रीवर हा कर लागत नाही, हे दोन प्रकल्पांची तुलना करताना लोक हमखास विसरतात. १५ लाखांच्या स्वतःच्या वाट्यासह आपली सुरुवातीची रक्कम अशा रीतीने २३ लाखांच्या घरात जाते.

शिवाय ताबा मिळेपर्यंतच्या काळातील व्याज आहे. बांधकामाच्या टप्प्यांनुसार बँक पैसे सोडत जाते आणि तोपर्यंत आपल्याकडून फक्त व्याज घेते, ज्याला प्री-ईएमआय म्हणतात. दोन वर्षांत सरासरी २५ लाख रुपये उचललेले असतील असे धरले, तर दरमहा १७,७०८ रुपये याप्रमाणे सव्वाचार लाख रुपये जातील आणि त्यांतील एक रुपयाही मुद्दलात जमा होणार नाही. या काळात आपण घरभाडेही भरत असाल. ताबा वर्षभर लांबला तर हा खर्च आणखी वाढतो, म्हणून महारेराच्या, म्हणजे राज्याच्या स्थावर संपदा नियामक प्राधिकरणाच्या, संकेतस्थळावर प्रकल्पाची नोंदणीकृत पूर्णत्वाची तारीख आणि त्याला पूर्वी मिळालेली मुदतवाढ पाहावी. शक्य असल्यास कर्जवाटपाच्या पहिल्या टप्प्यापासूनच पूर्ण हप्ता सुरू करण्याची मागणी बँकेकडे करावी.

अर्थात, ‘५० लाखांचे १ कोटी ४ लाख झाले’ या आकड्याने बिथरून जाण्याचेही कारण नाही. २० वर्षांनंतरचे ४३ हजार रुपये आजच्या ४३ हजारांइतके जड नसतील. महागाई वर्षाला पाच टक्के धरली, तर २० वर्षांच्या सर्व हप्त्यांचे आजचे मूल्य सुमारे ६६ लाख रुपये भरते. पगार वाढत जातो आणि हप्ता तेवढाच राहतो, हा कर्जदाराच्या बाजूचा मुद्दा आहे, फक्त दर वाढला नाही तर.

माझे मत विचाराल, तर दोघांचे उत्पन्न नियमित असल्याने २० वर्षांचीच मुदत घ्यावी. ज्यांचे उत्पन्न अनियमित आहे, अशा व्यावसायिकांनी ३० वर्षांची मुदत घेऊन हाती पैसा येईल तसा तो कर्जात भरणे समजण्यासारखे आहे, कारण वैयक्तिक कर्जदाराच्या फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड आकारता येत नाही. मात्र ‘अधूनमधून जास्त भरू’ हा संकल्प पगारदार कुटुंबात फारसा टिकत नाही, असा अनुभव आहे.

सही करण्यापूर्वी बँकेकडून कर्जाचे मुख्य तथ्यपत्रक मागून घ्यावे. ऑक्टोबर २०२४ पासून सर्व किरकोळ कर्जांसाठी ते देणे बंधनकारक आहे. त्यात प्रक्रिया शुल्क व अन्य आकार धरून येणारा वार्षिक दर आणि संपूर्ण परतफेडीचे वेळापत्रक असते. दोन बँकांची तुलना जाहिरातीतील दरावरून न करता त्या वार्षिक दरावरून करावी.

प्रश्न : मी एप्रिल २०२१ मध्ये बँकेकडून ६.९ टक्के दराने ३५ लाखांचे गृहकर्ज २० वर्षांसाठी घेतले. हप्ता २६,९२६ रुपये असून तो एकदाही चुकवलेला नाही. आजवर ५७ हप्ते भरले. आता व्याजदर ८.१५ टक्के आहे. खातेउताऱ्यात ३३ लाख २० हजार रुपये मुद्दल बाकी आणि २६८ हप्ते शिल्लक दिसतात. मुळात २४० हप्त्यांचे कर्ज असताना हे कसे शक्य आहे? बँकेची चूक तर नाही ना?
— एक वाचक, नाशिक

उत्तर : दुर्दैवाने हिशेब बरोबर आहे. आपले कर्ज रेपो दराशी, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना अल्पमुदतीचे कर्ज देते त्या दराशी, जोडलेले दिसते. आपण कर्ज घेतले तेव्हा रेपो दर चार टक्के होता. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने तो साडेसहा टक्क्यांपर्यंत नेला आणि त्याबरोबर आपला दर ९.४ टक्क्यांच्या आसपास गेला असणार. त्या दराने आपल्या कर्जावरील व्याजच महिन्याला २६ हजारांहून अधिक होत होते. म्हणजे हप्त्यातील जेमतेम सात-आठशे रुपये मुद्दलात जात होते आणि तो दर तसाच राहता, तर कर्ज फिटायला आणखी सुमारे ३८ वर्षे लागली असती. हप्ता वाढवला की ग्राहक तक्रार करतो, मुदत वाढवली तर त्याला कळतही नाही, म्हणून बँकांनी सर्रास दुसरा मार्ग पत्करला. २०२५ मध्ये रेपो दर टप्प्याटप्प्याने सव्वा टक्क्याने कमी होऊन ५.२५ वर आला, तेव्हा कुठे आपले २६८ हप्ते उरले.

मूळ वेळापत्रकाप्रमाणे आपले १८३ हप्ते उरायला हवे होते. आजच्या दराने तेवढ्याच हप्त्यांत कर्ज फेडायचे असेल, तर हप्ता ३१,७४७ रुपये करावा लागेल, म्हणजे दरमहा ४,८२१ रुपये जास्त. आहे तोच हप्ता ठेवल्यास यापुढे आपण एकूण ७२ लाख १६ हजार रुपये भराल, वाढवल्यास ५८ लाख १० हजार. फरक १४ लाखांचा आहे आणि कर्जाच्या कटकटीतून सात वर्षे आधी सुटका होते, ती वेगळीच.

हा निर्णय आपला आहे, बँकेचा नव्हे. रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी काढलेल्या परिपत्रकानुसार दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे करायचे, हा पर्याय कर्जदाराला दिलाच पाहिजे. तसेच दर तिमाहीला आजवर वसूल झालेले मुद्दल व व्याज, हप्त्याची रक्कम, शिल्लक हप्ते आणि वार्षिक दर दाखवणारे विवरणपत्र मिळाले पाहिजे. शाखेत लेखी अर्ज करून हप्ता वाढवून घ्यावा आणि पोच घ्यावी. ३० दिवसांत उत्तर आले नाही किंवा समाधान झाले नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे विनाशुल्क तक्रार करता येते.

त्याच अर्जात आणखी एक विचारणा करावी. रेपो दरावर बँक जो स्प्रेड लावते, तो आपल्या बाबतीत २.९ टक्के आहे. नव्या ग्राहकांना त्याच बँकेत तो कमी असेल, तर थोडे रूपांतर शुल्क घेऊन जुन्या ग्राहकालाही कमी करून देण्याची बँकांची तयारी असते, मात्र मागितल्याखेरीज कोणी देत नाही. त्यांनी नकार दिला, तर कर्ज दुसऱ्या बँकेकडे वळवण्याचा विचार करता येईल. तेथील प्रक्रिया शुल्क, कायदेशीर तपासणी आणि तारणाच्या नव्या दस्ताचा खर्च वजा जाता काय उरते, हे आधी पाहावे आणि नव्या बँकेत मुदत पुन्हा २० वर्षांची करून घेऊ नये. दर कमी झाल्याच्या आनंदात ही गफलत फार जण करतात.

प्रश्न : कर्ज मंजूर करताना बँकेने दोन लाख रुपयांच्या एकरकमी हप्त्याचा गृहकर्ज विमा सक्तीचा असल्याचे सांगितले. ‘रक्कम कर्जातच मिळवू, तुम्हाला वेगळे काही भरायचे नाही’, असेही सांगितले. हे योग्य आहे का?
— एक वाचिका, रत्नागिरी

उत्तर : विमा असावा, पण त्याच बँकेकडून त्याच कंपनीचा घेण्याची सक्ती करता येत नाही. ती पॉलिसी घेतल्याशिवाय मंजुरीपत्र मिळणार नाही असे कोणी म्हटल्यास ते लेखी मागावे, सहसा तेथेच आग्रह थांबतो. कर्जात मिळवलेले दोन लाख रुपये साडेआठ टक्के दराने २० वर्षांत ४ लाख १६ हजार रुपयांना पडतात. तुम्ही कर्जाच्या रकमेइतका साधा मुदत विमा स्वतंत्रपणे घेऊ शकता, त्याचा हप्ता दरवर्षी भरता येतो आणि कर्ज दुसऱ्या बँकेत गेले तरी तो चालू राहतो. दोन्हींची तुलना करूनच ठरवावे.

प्रश्न : माझ्या ५० लाखांच्या गृहकर्जाला एक वर्ष झाले असून दर साडेआठ टक्के आणि मुदत २० वर्षे आहे. बोनसचे दोन लाख रुपये हाती आले आहेत. ते कर्जात भरू नका, प्राप्तिकराची सवलत जाईल, असे कार्यालयातील सहकारी म्हणतात. काय करावे?
— एक वाचक, मुलुंड

उत्तर : आपण नवी करप्रणाली निवडली असेल, तर स्वतः राहत असलेल्या घराच्या कर्जाच्या व्याजावर सवलतच नाही, मग ती जाण्याचा प्रश्न उरत नाही. जुन्या प्रणालीत व्याजाची वजावट वर्षाला दोन लाखांपर्यंतच मिळते. आपले पहिल्या वर्षाचे व्याज ४ लाख २१ हजार होते, म्हणजे निम्म्याहून अधिक व्याजावर तसाही काही लाभ झालेला नाही. दोन लाख भरल्यानंतरही वार्षिक व्याज पुढील बरीच वर्षे त्या मर्यादेच्या वरच राहील.

ही रक्कम आज भरली आणि हप्ता तोच ठेवला, तर सुमारे २१ हप्ते कमी होऊन ७ लाख २९ हजार रुपये व्याज वाचते. हेच दोन लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले, तर बचत एक लाखाच्याही आत येते. त्यामुळे मुदतपूर्व फेड करायची असेल, तर ती सुरुवातीच्या वर्षांत करावी. दरवर्षी एक जादा हप्ता भरण्याची सवय लावून घेतल्यास २० वर्षांचे कर्ज १६ वर्षे ९ महिन्यांत फिटते आणि सव्वादहा लाखांच्या आसपास व्याज वाचते.

दोन अटी मात्र आहेत. सहा महिन्यांचा घरखर्च आणि हप्ते भागतील एवढी रक्कम आधी बाजूला असली पाहिजे, कारण कर्जात भरलेला पैसा नोकरी गेल्यावर परत मागता येत नाही. आणि रक्कम भरताना ‘हप्ता कमी न करता मुदत कमी करावी’ असे अर्जात स्पष्ट लिहावे. तसे लिहिले नाही, तर काही ठिकाणी हप्ता कमी केला जातो आणि अपेक्षित बचतीचा मोठा भाग हातून जातो. पैसे जमा झाल्यावर आठवडाभरात नवे परतफेडीचे वेळापत्रक मागवून शेवटच्या हप्त्याची तारीख अलीकडे आली आहे, याची खात्री करून घ्यावी.