मधमाश्या अचानक अंगावर का यायला लागतात?

प्रश्न: माझ्याकडे मधमाश्यांच्या दोन पेट्या आहेत. एक शांत आहे, पण दुसरीतल्या माश्या हल्ली झाकण उघडलं रे उघडलं की तोंडावर येतात, लांब गेलो तरी पाठ सोडत नाहीत. आधी याच माश्या किती गरीब होत्या! घरचे म्हणतात पेटी जाळून टाक. काय करू?

उत्तर: जाळायचं नाव पण काढू नका प्लीज. माशी उगाच चिडत नाही हो, नांगी मारली की बिचारी स्वतःच मरते, त्यामुळे ती एवढ्या टोकाला जाते तेव्हा पेटीत काहीतरी बदललेलं असतं आणि ते शोधणं आपलं काम आहे.

शेजारची पेटी शांत आहे म्हणजे नुसत्या हवेला दोष देता येणार नाही, हवा दोघींना सारखीच. सगळ्यात आधी राणी बघा. ती दिसलीच पाहिजे असं नाही, पोळ्याच्या छोट्या घरांच्या तळाशी उभी पांढरी अंडी दिसली तरी पुरे, कारण अंडं ३ दिवसच अंडं असतं, म्हणजे ३ दिवसांपूर्वीपर्यंत तरी राणी होती. अंडी नाहीत, अळ्या नाहीत आणि माश्या सतत कण्हल्यासारखा आवाज करतायत तर राणी गेली असणार, आणि बिनराणीची वसाहत बहुतेक वेळा चिडचिडी होतेच.

पण राणी असूनही स्वभाव बदलू शकतो. जुनी राणी जाऊन माश्यांनी आपली आपण नवी तयार केली असेल तर ती बाहेर उडून १०-२० नरांशी मिलन करून येते, त्यातले नर कुठले, कुठल्या स्वभावाच्या वसाहतीतले, आपल्या हातात काहीच नाही. मग जुन्या कामकरी माश्या मरत जातात, नव्या राणीच्या लेकी त्यांची जागा घेतात आणि आपल्याला वाटतं माश्या बिघडल्या, खरं तर त्या माश्याच वेगळ्या असतात. हे रक्तात किती असतं बघा, १९५७ मध्ये ब्राझीलमध्ये प्रयोगासाठी आणलेल्या आफ्रिकन राण्या आपल्या थव्यांसकट निसटल्या, तिथल्या माश्यांशी त्यांचा संकर झाला आणि १९९० पर्यंत ती तापट जात अमेरिकेत टेक्सासपर्यंत पोचली. तिच्या एका डंखात विष जास्त नसतं, पण एकदम शेकड्यांनी येतात आणि लांबपर्यंत पाठलाग करतात. तुमच्याकडे असं झालं असेल तर शांत वसाहतीतली राणी घाला, मात्र फरक दिसायला दीड-दोन महिने धरा.

आता पेटीचं दार बघा. तिथे मारामारी, मेलेल्या माश्या, खाली मेणाचा भुगा दिसला तर दुसऱ्या माश्या मध लुटतायत. फुलोरा संपला की हे फार होतं आणि लुटली जाणारी पेटी कोणालाच जवळ येऊ देत नाही. दार बारीक करा, साखरपाणी संध्याकाळी आणि पेटीच्या आतच द्या, बाहेर थेंबही सांडू नका. रात्री एखादा प्राणी येऊन पेटी खरवडत असेल तरी त्याचा राग दिवसा तुमच्यावर निघतो, दारापाशी ओरखडे, चिखल आहे का बघा.

आणि तुमची उघडायची वेळ कुठली? ऊन असताना दुपारी बऱ्याच म्हाताऱ्या माश्या मकरंद आणायला बाहेर असतात, ढगाळ हवेत किंवा संध्याकाळी सगळ्या घरात, आणि चावणाऱ्या त्याच. फ्रेम, म्हणजे पोळं असलेली चौकट, सावकाश उचला, एकही माशी चिरडू देऊ नका. चिरडली किंवा तिने डंख मारला की पिकल्या केळ्यासारखा वास सुटतो, तो म्हणजे बाकीच्यांना हल्ल्याचा निरोप, म्हणून एकीच्या मागे दहा येतात. धूर दिला की हा वास झाकला जातो आणि माश्या मध पिण्यात गुंततात, पण झाकण काढायच्या आधी द्या, चिडल्यावर देऊन फार उपयोग नाही. हातमोजे, सूट धुतलाय ना? जुन्या डंखांचा वास कापडात राहतो.

प्रश्न: आम्ही पोळ्याला हात पण लावला नव्हता, नुसते खालून जात होतो तरी माश्या मागे लागल्या. असं का?

उत्तर: तुमच्या आधी कोणीतरी डिवचलं असेल, दगड, धूर, शिकारी पक्षी काहीही. शिवाय गडद कपडे, उग्र सेंट, यंत्राची थरथर आणि आपला श्वास, यानेही त्या खवळतात. हात झटकत उभं राहू नका, तोंड झाकून सरळ पळा आणि बंद खोलीत किंवा गाडीत शिरा. पाण्यात उडी मारू नका, डोकं वर काढेपर्यंत त्या वरच थांबू शकतात. काटा अंगात राहिला तर नखाने, कार्डाने, कशानेही पण लगेच काढा, कारण माशी गेली तरी विषाची पिशवी काही वेळ विष सोडतच असते. दम लागला, ओठ-जीभ सुजली, चक्कर आली किंवा खूप डंख बसले तर घरगुती उपायात वेळ न घालवता थेट हॉस्पिटल.