वाचकांचे प्रश्न : पहिले बी कोणी पेरले?

प्रश्न : 'अश्मयुगातील माणसाला शेतीचा शोध लागला' असे मी वर्गात आजवर एका वाक्यात सांगत आले. यंदा सहावीतील एका मुलीने विचारले, की रानातले गवत पाहून याचा पुढे गहू होणार हे पहिल्या माणसाला कळले कसे? मला उत्तर देता आले नाही. (एक शिक्षिका, कर्वेनगर, पुणे)

उत्तर : त्या मुलीला निःशंकपणे सांगावे, की ते कोणालाच कळले नव्हते आणि कळण्याची गरजही नव्हती. 'शोध' या शब्दामुळे आपल्या डोळ्यांसमोर एखादा कल्पक माणूस आणि एखादा ठरावीक दिवस उभा राहतो. प्रत्यक्षात पुरावा सांगतो तो शेकडो पिढ्यांच्या सवयींचा. माणसे आपल्या पोटासाठी रोजचे काम करीत राहिली आणि त्या कामाच्या ओघात वनस्पती बदलत गेली.

रानगहू हा गहू होण्याच्या कितीतरी आधी अन्न होता. इस्राएलमधील गॅलिली सरोवराच्या काठी ओहालो येथे सुमारे २३,००० वर्षांपूर्वीची एक वस्ती सापडली आहे. तिथे राहणारे लोक मासेमारी आणि शिकार करीत, आणि त्याबरोबरच रानटी जव व रानगहू गोळा करून दगडावर भरडत असत. हे गवत वेचण्याच्या योग्यतेचे होते का, अशी शंका कोणी घेईल, तर तिचे उत्तर जॅक हार्लन या अमेरिकी कृषिशास्त्रज्ञाने १९६० च्या दशकात स्वतःच्या हातांनी दिले. आग्नेय तुर्कस्तानातील कराजा दाग डोंगराच्या उतारांवर आजही रानगव्हाची गर्द वाढ होते. तिथे गारगोटीच्या पात्याचा विळा घेऊन त्यांनी कापणी केली, तेव्हा तासाभरात एक किलोहून अधिक स्वच्छ दाणे हाती आले. ओंब्या पिकण्याच्या दिवसांत एखाद्या कुटुंबाने तीन आठवडे असे काम केले, तर वर्षभर पुरून उरेल एवढे धान्य साठवता येईल, असा हिशेब त्यांनी मांडला. पेरणी न करताच कोठार भरत असताना कोणी पेरण्याच्या फंदात का पडावे, हा प्रश्न मला 'शोध कसा लागला' यापेक्षा महत्त्वाचा वाटतो.

आता ओंबीकडे नीट पाहू. रानगव्हाची ओंबी पिकली, की तिचा मधला कणा पेरापेरांतून आपोआप तुटतो आणि दाणे कुसळांसह जमिनीवर गळून पडतात. रानात जगायचे तर हे गळणे आवश्यक असते, कारण त्याशिवाय बी पसरणार नाही. परंतु लाखो रोपांत एखाद्या रोपाच्या अंगी जन्मजात दोष असतो आणि त्याची ओंबी पिकूनही तुटत नाही. रानात अशा रोपाचा वंश फारसा टिकत नाही. विळा घेऊन माणूस आला, की मात्र हिशेब उलटतो. विळ्याच्या धक्क्याने गळणाऱ्या ओंब्यांचे दाणे मातीत सांडतात आणि न गळणाऱ्या ओंब्या अख्ख्या टोपलीत येतात. त्या टोपलीतले मूठभर दाणे पुढच्या वर्षी नव्या जागी पेरले, तर त्या पेरणीत न गळणाऱ्या रोपांचा वाटा आधीपेक्षा किंचित वाढलेला असतो, आणि हे वर्षानुवर्षे चालत राहिले, की एके दिवशी सारे शेतच न गळणाऱ्या गव्हाचे होते. असा गहू मग माणसाने पेरल्याशिवाय स्वतःचे बी पसरवू शकत नाही. निवड झाली ती माणसाच्या हाताने, पण त्याच्या नकळत.

यात 'नव्या जागी पेरले' हे तीन शब्द निर्णायक आहेत. दरवर्षी त्याच रानात कापणी केली, तर सांडलेले गळणारे दाणेच पुन्हा उगवतात आणि काहीही बदलत नाही; म्हणूनच हजारो वर्षे रानगहू खाऊनही तो रानटीच राहिला. पूर्वी काही संशोधकांनी गणिताने दाखवले होते, की योग्य पद्धतीने कापणी आणि पेरणी केल्यास हा बदल दोनशे वर्षांच्या आतही पूर्ण होऊ शकतो. उत्खननांतून मात्र वेगळे चित्र दिसते : पश्चिम आशियात पेरणी सुरू झाल्यापासून न गळणारा गहू आणि जव सर्वत्र रूढ होईपर्यंत दोन हजारांहून अधिक वर्षे गेली. लोक ओंब्या किंचित हिरव्या असतानाच कापत असावेत, किंवा टोपलीत झोडून दाणे झाडत असावेत, म्हणजे गळणारे दाणेही बियाण्यात येतच राहिले.

हे इतक्या तपशिलाने कसे कळते, असे तुमची विद्यार्थिनी विचारील, आणि तिने विचारावेच. जळून कोळसा झालेला दाणा हजारो वर्षे कुजत नाही. उत्खननातील माती पाण्यात कालवली, की हे हलके दाणे वर तरंगतात आणि बारीक चाळणीवर जमा होतात. ओंबीच्या तुकड्याच्या बुडाशी असलेली खूण भिंगाखाली पाहिली, की तो आपोआप गळला होता की मळणीत तोडावा लागला होता, ते समजते; गळालेल्याची खूण गुळगुळीत असते आणि तोडलेल्याची फाटलेली. जळक्या दाण्यांवरून जुन्या शेतीचे चित्र उभे करण्याचे काम पुण्याच्या डेक्कन कॉलेजनेही केले आहे. शिरूर तालुक्यात घोड नदीकाठी इनामगाव येथे त्या संस्थेने १९६८ ते १९८३ या काळात उत्खनन केले आणि इसवी सनपूर्व सुमारे १६०० ते ७०० या काळातील शेतकऱ्यांचे गाव उजेडात आणले. ते लोक मुख्यतः जव पिकवीत आणि गुरे, शेळ्या-मेंढ्या पाळीत. म्हणजे पश्चिम आशियात माणसाळलेले धान्य तोवर घोड नदीच्या काठी पोचून रुळले होते.

वर्गात दाखवण्यासारखी एक वस्तू पुण्याच्या बाजारात सहज मिळते, ती म्हणजे खपली गहू. सांगली-कोल्हापूरकडे ज्याची खीर करतात, तो हा गहू माणसाने सर्वांत आधी आपलासा केलेल्या धान्यांपैकी एक आहे. त्याची ओंबी शेतात गळत नाही, म्हणजे पहिला टप्पा त्याने ओलांडला आहे. परंतु दाण्याला चिकटलेले टरफल मळणीत सुटत नाही, ते कांडून काढावे लागते. रोजच्या पोळीच्या गव्हाचा दाणा मळणीतच मोकळा होतो. सालासकट खपलीचे आणि साध्या गव्हाचे चार-चार दाणे मुलांच्या तळहातावर ठेवले, तर हा बदल एका दमात झाला नाही, हे त्यांना आपोआप दिसेल.

राहता राहिला पेरण्याचा प्रश्न. सुमारे ११,७०० वर्षांपूर्वी हिमयुग संपले आणि हवामान स्थिरावले. त्यानंतरच्या काही हजार वर्षांत पश्चिम आशिया, चीन, मेक्सिको, न्यू गिनी, आफ्रिका आणि भारत अशा एकमेकांपासून दूरच्या प्रदेशांत माणसांनी आपापल्या रानातल्या वनस्पती स्वतंत्रपणे आपल्याशा केल्या. इतक्या ठिकाणी एकाच कालखंडात एकेका प्रतिभावंताला एकच कल्पना सुचली असे मानण्यापेक्षा, बदललेल्या हवामानाने सर्वत्र ही वाट मोकळी केली, असे मानणे मला अधिक सयुक्तिक वाटते.

प्रश्न : हत्ती माणसाचे ऐकतो, ओझी वाहतो, मिरवणुकीत चालतो. तरीही तो पाळीव प्राणी नव्हे, असे वाचनात आले. हे कसे? (एक वाचक, सदाशिव पेठ, पुणे)

उत्तर : मराठीत 'माणसाळणे' हा शब्द आपण दोन अर्थांनी वापरतो, त्यामुळे हा घोटाळा होतो. एखादा प्राणी शिकवणुकीने माणसाला सरावतो, तो एका जिवाचा बदल असतो आणि त्याच्याबरोबरच संपतो. पाळीव जात मात्र पिढ्यान्‌पिढ्या माणसाच्या निवडीखाली वाढून जन्मतःच बदललेली असते. हत्तीची मादी सुमारे बावीस महिने गाभण असते आणि पिल्लू वयात यायला दहा वर्षांहून अधिक काळ जातो. म्हणून राजेरजवाड्यांनी हत्ती पैदा करण्याऐवजी खेडा घालून, म्हणजे कुंपणाच्या सापळ्यात हाकून, रानातून पकडून आणले. पीलखान्यातला हत्ती अंगाने आणि रक्ताने रानहत्तीच राहिला. चित्त्याचेही तसेच झाले. अकबराच्या पदरी शिकारीचे शेकडो चित्ते होते, पण बंदिवासात त्यांची वीण होत नसे; एका मादीला पिल्ले झाली, तेव्हा जहांगीराने ती गोष्ट नवल म्हणून नोंदवून ठेवली.

निवडीने जन्मजात स्वभाव बदलतो, हे सायबेरियातील नोव्होसिबिर्स्क येथे दिमित्री बेल्यायेव यांनी १९५९ मध्ये सुरू केलेल्या प्रयोगात दिसले. केसाळ कातडीसाठी पाळलेल्या कोल्ह्यांतून त्यांनी दर पिढीला केवळ सर्वांत कमी बुजरे कोल्हे विणीसाठी निवडले. थोड्याच पिढ्यांत माणसाला पाहून शेपटी हलवणारी आणि हात चाटणारी पिल्ले जन्मू लागली. त्यांच्या अंगावरील पांढऱ्या ठिपक्यांबद्दल आणि लोंबत्या कानांबद्दल, तेही याच निवडीतून आले म्हणून, बरेच लिहिले गेले. परंतु ते कोल्हे मुळात कित्येक पिढ्या पिंजऱ्यात वाढलेले होते, हे लक्षात घेऊन त्या भागाकडे सावधपणे पाहावे. स्वभावातील बदलाबद्दल मात्र शंका नाही. लांडग्यापासून कुत्रा होताना असेच काही घडले असावे, आणि तेही शेतीच्या कितीतरी आधी, कारण जर्मनीत माणसांसोबत पुरलेल्या कुत्र्याचे अवशेष १४,००० वर्षांहून जुने आहेत.

प्रश्न : ज्वारीची भाकरी, तुरीचे वरण, मिरचीचा ठेचा. यांतले मूळचे आपल्या मातीतले काय? (एक वाचक, जुन्नर)

उत्तर : ज्वारी आणि बाजरी या दोन्ही आफ्रिकेतून आल्या, आणि नाचणीही, मात्र त्या इथे इतक्या जुन्या काळी आल्या, की त्यांना परके म्हणवत नाही. मिरची अमेरिका खंडातली, पोर्तुगीजांच्या काळात आलेली. तूर मात्र भारतातली; तिचा सर्वांत जवळचा रानटी भाऊबंद ओडिशा आणि आसपासच्या प्रदेशात आढळतो. मूग, उडीद, कुळीथ आणि तीळ हीसुद्धा भारतातच माणसाने आपलीशी केलेली पिके आहेत. वशिंडाचा बैलही आपल्याच उपखंडातला : बलुचिस्तानातील मेहरगढ या प्राचीन वस्तीच्या उत्खननात खालच्या, म्हणजे जुन्या थरांत रानटी जनावरांची हाडे अधिक सापडतात आणि वर येताना गुरांची हाडे वाढत जातात.

उडदाचा रानटी पूर्वज आजही सह्याद्रीत उगवतो. पाऊस सरला, की त्याच्या शेंगा उन्हात तडकतात, दोन्ही फाका पीळ घेतात आणि दाणे दूर उडतात. शेतातल्या उडदाची ती खोड अजून पुरती गेलेली नाही, म्हणून वाळलेल्या शेंगांची तोडणी ऊन चढण्यापूर्वी, सकाळच्या दवात करतात.