वाचकांचे प्रश्न : मराठी वाचताना मेंदू कसा मोजायचा?

प्रश्न : भाषाशास्त्राच्या प्रबंधासाठी मराठी वाक्य वाचताना मेंदूत काय घडते ते तपासायचे आहे. एफएमआरआय वापरू की ईईजी?

उत्तर : अर्थ ‘केव्हा’ लागतो हे हवे असेल, तर ईईजीच घ्या, म्हणजे डोक्यावर लावलेल्या इलेक्ट्रोडांनी मेंदूची विद्युत् हालचाल मोजणारी पद्धत. एफएमआरआय, म्हणजे चुंबकीय मेंदू-चित्रण, मेंदूतली जागा चांगली दाखवते, पण ती रक्तातल्या ऑक्सिजनचा बदल टिपते आणि तो पाच-सहा सेकंदांनी शिगेला पोचतो. तोवर वाक्य वाचून संपलेले असते!

‘आजीने चहात साखर घातली’ आणि ‘आजीने चहात चादर घातली’ ही जोडी पाहा. ‘चादर’ दिसल्यापासून साधारण ४०० मिलिसेकंदांनी डोक्याच्या मध्य-मागच्या भागावर ऋण (निगेटिव्ह) विद्युत् लहर वाढते. कुटास आणि हिलयार्ड या संशोधकांनी १९८० मध्ये नोंदवलेली हीच ती एन४०० (‘एन’ म्हणजे निगेटिव्ह, ४०० म्हणजे मिलिसेकंद). दोन्ही शब्द तीन अक्षरी, दोन्ही स्त्रीलिंगी, त्यामुळे क्रियापदही बदलत नाही. जोड्या अशाच निवडा. शब्द किती वापरातले आहेत तेही जुळवा. ‘साखर’समोर ‘प्रतिष्ठा’ ठेवलीत, तर फरक अर्थाचा की जोडाक्षराचा, हे सांगता येणार नाही.

प्रत्येक प्रकारची ३०-४० वाक्ये तरी हवीत. दोन याद्या करा, म्हणजे एकाच व्यक्तीला जोडीतली दोन्ही वाक्ये दिसणार नाहीत. शब्द एकेक करून पडद्याच्या मध्यभागी दाखवा, नाहीतर डोळे फिरतात. पापणीची उघडझाप एन४०० पेक्षा कितीतरी मोठा विद्युत्-संकेत देते; म्हणून दोन वाक्यांच्या मधे उघडझापीसाठी विराम ठेवाच.

लिपीच्या रचनेसाठी डॅनियल्स आणि ब्राइट यांनी संपादित केलेला ‘द वर्ल्ड्स रायटिंग सिस्टिम्स’ (१९९६) हा संदर्भग्रंथ आधी चाळा.